एनेजानचा आवाज

"मावशी, एकदाच म्हणा ना! ते 'पाणी पिऊन जा' तेवढंच," चारीयारने छातीवर हात ठेवून गळ घातली.

ओगुलशातची कंबर धरली होती. राजधानी अश्काबादहून तेजेन गावापर्यंत मोटारीत बसून ती पार आंबून गेली होती. चारीयारच्या मुलाचं लग्न. पाहुण्यांत सिनेमातली नटी असावी ही त्याची हौस. स्टुडिओ बंद पडल्यापासून ती अशीच लग्नांना जायची. लोक मानाने बसवत, पुलाव वाढत आणि जेवण उरकायच्या आत तिच्या गाजलेल्या सिनेमातलं ते वाक्य मागत. दर वेळी ती घसा बसल्याची थाप मारून सुटायची. आज थाप मारायचंही त्राण नव्हतं.

तिने चहाची वाटी खाली ठेवली. युद्धावर निघालेला मुलगा तिथे उभा असावा तशी दाराकडे पाहत म्हणाली, "बाळा, पाणी पिऊन जा रे."

बायका एकमेकींकडे बघू लागल्या.

"अगं बाई, हा तो आवाज नव्हे," भिंतीला टेकलेली चारीयारची आजी म्हणाली. "तो कसा काळजातून यायचा. हिचा तर खरखरतोय."

"आजी, वय झालं त्यांचं."

"वयाने आवाज जाड होतो रे, दुसऱ्याचा होत नाही."

चारीयारचे कान लाल झाले. "मी टीव्हीवर लावूनच दाखवतो," असं पुटपुटत तो कॅसेट शोधायला गेला.

त्या सिनेमाच्या वेळी ओगुलशात सव्वीस वर्षांची होती. विशीतल्या पोराची आई झाली, आणि पुढे आयुष्यभर पडद्यावर आईच राहिली. ती कॅस्पियनकाठच्या कोळीवाडीतली. "तुझ्या बोलण्याला मासळीचा वास येतो," असं म्हणून दिग्दर्शकाने तिचा आवाज काढून टाकला आणि रेडिओवरच्या एनेजानकडून सगळं बोलून घेतलं. ओगुलशातने तेव्हा दोन दिवस जेवण टाकलं होतं. पण स्टुडिओला कुलूप लागल्यावर दर शुक्रवारी चहाला येणारी एनेजानच होती. "तोंड तुझं, गळा माझा," ती हसायची, "दोघी मिळून कशीबशी एक बाई होतो गं." गेल्या हिवाळ्यात ती गेली. मातीला मोजकी माणसं होती. आपण कोणाला पुरतोय, हे त्यांतल्या एकालाही ठाऊक नव्हतं. ओगुलशातला ठाऊक होतं, आणि ती गप्प बसली होती.

टीव्ही सुरू झाला. तरण्या ओगुलशातने ओठ हलवले आणि एनेजान बोलली. खोलीतली कुजबुज थांबली.

"हाच तो!" आजी म्हणाली. "बघ, मी म्हटलं नव्हतं?"

"तुमचं खरं आहे, आजी," ओगुलशात म्हणाली. "तो माझा नाहीच. एनेजान नावाची बाई होती, तिचा आहे. मी नुसते ओठ हलवले."

"मावशी, काय हे!" चारीयार कळवळला. "व्याही ऐकतायत. मी सगळ्यांना काय काय सांगून ठेवलंय!"

"ऐकू देत की. तीस वर्षं तिच्या आवाजावर मान मिळवला मी."

एक बाई दुसरीच्या कानाला लागली. व्याह्यांनी मान फिरवली. पुढच्या लग्नाला आपल्याला कोणी बोलावणार नाही, हे ओगुलशातला कळून चुकलं. तिने उशी पाठीशी ओढली आणि डोळे मिटून घेतले.

"कुठे असते ती?" आजीने विचारलं.

"गेली. हिवाळा सरता सरता."

"काय नाव म्हणालीस?"

"एनेजान."

लग्नघर आहे याची पर्वा न करता आजीने सुरकुतलेले तळहात वर उघडले आणि ती एनेजानच्या नावाने दुवा पुटपुटायला लागली. शेजारी बसलेल्या सुनेने गडबडून हात वर केले, मग तिच्या पलीकडचीने, मग ओगुलशातने. टीव्हीवर आई मुलाची समजूत घालत होती. दुवा संपवून बायकांनी तळहात चेहऱ्यावरून फिरवले, तरी टीव्हीचा आवाज कमी करायला कोणी उठलं नाही.