भीमाने ओढलेली शेपटी

मित्रांनो, हसू नका. मी एक जुनी शेपटी आहे, नाटकातल्या मारुतीची. जोगेश्वरीच्या चाळीत जानकीबाईंनी आपल्या तांबड्या लुगड्याची नळी शिवली, तिच्यात कापूस ठासला आणि मी झाले. त्यांचा थोरला मुलगा दत्ताराम मारुती व्हायचा, धाकटा लवू भीम. दरवर्षी चाळीच्या पूजेला दोघे दशावतारी खेळ करत.

खेळ साधा होता. वाटेत म्हातारा मारुती आडवा पडलेला. गर्विष्ठ भीम मला उचलायला जातो, घामाघूम होतो, पण मी हलत नाही. मग कळतं, दोघेही वाऱ्याचे मुलगे. आया वेगळ्या, बाप एक. भीम थोरल्या भावाच्या पाया पडतो. तेव्हा टाळ्या पडत, आणि त्यातल्या निम्म्या माझ्या असत. उरलेलं वर्ष मी पत्र्याच्या पेटीत काढायची. त्याची मला तक्रार नव्हती.

१९८४ साली सगळं बिघडलं. जानकीबाई सहा महिने दत्तारामकडे, सहा महिने गोरेगावला लवूकडे राहत. त्या वर्षी लवूची पाळी आली, पण तो आईला न्यायला आलाच नाही. पूजेला मात्र आला. दशावतारात संवाद लिहिलेले नसतात, नट उभ्या उभ्या रचतात. दत्तारामने तीच संधी साधली.

"भीमा, आपला बाप वारा. तो कुठेही राहील. आईला कोपरा लागतो रे! तुझ्या राजवाड्यात जागा नाही?"

"थोरला तू ना, दादा? मग तूच ठेव की!" लवू म्हणाला. "तुझ्या वनात एवढी झाडं आहेत, एखादं दे तिला!"

लोक खदखदून हसले. "झकास, लवू!" कुणीतरी ओरडलं. पुढच्याच रांगेत जानकीबाई बसल्या होत्या. त्या कुणालाच दिसल्या नाहीत? मला संताप आला. अजूनही येतो.

भीमाने हरायचं असतं. लवूने मला दोन्ही हातांनी ओढलं. दत्तारामनेही सोडलं नाही. मी मधोमध फाटले, कापूस सगळीकडे उडाला. लोक तरीही हसत होते.

जानकीबाई उठल्या. "मी काय शेपूट आसंय, दोघांनी ओढूक?"

हसणं थांबलं. माझे दोन्ही तुकडे उचलून त्या शेजारच्या मालनबाईंकडे गेल्या आणि तिथेच राहिल्या.

पुढच्या पूजेआधी दोघे भाऊ तिथे आले. वेगवेगळे आले, पण मागणी एकच. "आई, शेपटी शिवून दे."

मित्रांनो, मला कुणी शिवलं नाही तरी चालेल. शेपटी बाजारातही मिळते. पण तुमच्या घरी आई असेल, तर तिच्याजवळ बसून एकदा विचारा, "तुला कुठे राहायचं आहे?" त्या दोघांनी हे अजून विचारलेलं नाही.