खिशातली माझी जागा

२०१९ साली माझी जागा गेली. मित्रांनो, मी पुरुषोत्तमनगरजवळच्या भिलाभाऊंचा गाडी चालवायचा जुना, पुस्तिकेसारखा घडीचा परवाना. घरात मला लायसनच म्हणतात. २००१ साली माझ्यावर त्यांचा फोटो चिकटवला, गोल शिक्का मारला, आणि मी त्यांच्या सदऱ्याच्या खिशात, छातीशी जाऊन बसलो.

गणवेशातल्या पोलिसाने मागितलं की परवाना दाखवावा लागतो, असा कायदा. तेव्हा माझी झेरॉक्ससुद्धा चालत नसे. पोलीस मला उघडून बघत, भाऊंकडे बघत आणि म्हणत, "जा." माझी छाती फुगायची. दसऱ्याला मोटारसायकलीची पूजा झाली की गजराबाई मला सीटवर उघडून ठेवत आणि फोटोतल्या नवऱ्याच्या कपाळावर कुंकू लावत. खरा नवरा कुठे टिळ्यासाठी थांबायचा?

मग कायदा बदलला. मोबाईलच्या सरकारी ॲपमधलं लायसनही खरं ठरलं. धाकट्या लेकीने, काजलने ते भाऊंच्या मोबाईलमध्ये भरलं. त्याला ना शिक्का, ना कागदाचा वास. तरी तो मोबाईल माझ्याच खिशात, माझ्या अंगावर पडून राही. त्याला मऊ कव्हर, रोज चार्जिंग. मी आतल्या आत जळायचो.

काजलची बारावीची परीक्षा होती. भाऊ तिला लोणखेड्याला सोडायला निघाले, तर चौकात नाकाबंदी. भाऊंनी सवयीने मलाच काढलं. मी मोबाईलकडे तोऱ्यात बघून घेतलं.

हवालदाराने मला उघडलं. "काका, आठे तं कुंकूच दिसी ऱ्हायनं. तोंड कोठे शे?"

"तोंड हाई शे, साहेब. देखा."

"मी लायसन मांगी ऱ्हायनू, आरती नही."

"दसराले घरवाली पूजा करस, साहेब."

"मंग तिलेच पोलीस करा. गाडी बाजूले लावा."

काजल रडवेली झाली. "बापू, मोबाईल दखाडा ना. मन्हा पेपर चुकी जाई."

भाऊंनी मोबाईल दाखवला. त्यात त्यांचा चेहरा लख्ख, मिशीसकट. हवालदार म्हणाला, "जा, बेटा. नीट लिख." काजल वेळेवर पोचली. तिच्यासाठी बरं वाटलं. पण तो मोबाईल का, मी का नाही? ते दुःख अजून जात नाही.

त्या संध्याकाळी भाऊंनी मला कपाटात ठेवलं.

तो हवालदार बदलून धडगावकडे गेला. काजल परिचारिका झाली, आता चिंचपाड्याच्या दवाखान्यात आहे. गजराबाईंचे गुडघे धरले, तरी दसऱ्याची पूजा त्याच करतात. भाऊ अजून गाडी चालवतात, हळू. माझी मुदत केव्हाच संपली; नवी मुदत मिळाली ती मोबाईलमधल्याला. मोबाईलही एकदा विहिरीत पडला. मला वाटलं, सुटलो. पण काजलने नवा आणला, दोनदा बोट फिरवलं, आणि तेच लायसन त्यात जसंच्या तसं उगवलं.

मित्रांनो, मला असं दुसरं अंग कोण देणार? म्हणून सांगतो, घरातले जुने कागद पुसून, कोरडे ठेवा. ते पुन्हा उगवत नाहीत.