ओठांवर आलेलं "थांबा"

वसंत उशिरा आला होता. पण आला होता. लेनिनग्राडवर कोवळा, मधुवर्णी, लाजरा प्रकाश सांडला होता, आणि त्या प्रकाशात नेवा नदी मोकळी होत होती. बर्फाचे हिमधवल, नीलकांत, पारदर्शी तुकडे एकमेकांना ढुशा देत समुद्राकडे निघाले होते. नदीचा हा सोहळा वर्षातून एकदाच, आणि तोही कुणाच्या सोयीनं नाही.

काठावर रायसा ल्वोव्हना उभी होती. गळ्यातला मफलर सोडत होती, पुन्हा गुंडाळत होती. जीव थाऱ्यावर राहणार तरी कसा! उभं तारुण्य गेलं स्टुडिओच्या काळोख्या खोलीत, दुसऱ्यांच्या चित्रपटांवर कात्री चालवण्यात. हसू कुठं तोडायचं, अश्रू कुठं जोडायचा, हे तिची बोटं झोपेतही सांगत. केस रुपेरी झाले तेव्हा कुठं तिला स्वतःचा चित्रपट मिळाला. दिग्दर्शिका रायसा ल्वोव्हना! त्या दिवशी ती आरशासमोर वेड्यासारखी हसली होती.

पण बोटांची सवय जिभेवर येऊन बसली. दृश्य रंगात आलं, की जिथं तिनं कात्री चालवली असती नेमकी तिथंच ती ओरडे, "थांबा!" कॅमेरा थांबे. नट हिरमुसत. आणि पडद्यावर पाहावं तर काय! प्रत्येक माणूस अर्धामुर्धा, प्रत्येक उसासा मुडपलेला. पुढच्या दृश्याशी सांधायला वीतभर फिल्मसुद्धा शिल्लक नाही.

"शेवटचं दृश्य पाहतो," स्टुडिओचे प्रमुख म्हणाले होते. "तेही असंच तुटकं निघालं, तर चित्रपट दुसऱ्याकडे सोपवावा लागेल."

"रायसा ल्वोव्हना, माणसाला श्वास तरी घेऊ द्या हो," छायाचित्रकार तिखोन आज सकाळीच कळवळून म्हणाला. "नदीवरचा बर्फ यंदा काही पुन्हा फुटायचा नाही." तिला ते कळत होतं.

दृश्य साधंच. युद्धात मुलगा गमावलेली आई त्याचा कोट नदीत सोडते. कॅमेरा सुरू झाला. वृद्ध अभिनेत्री अग्लाया आली. शुभ्रकेशी, कृशांगी, सावकाश. तिनं कोट छातीशी धरला. हुंगला. पाण्यात सोडला. एक अश्रू गालावरून ओघळला.

इथंच! इथंच कात्री! रायसाचं अंग अंग ओरडलं. शब्द घशातून वर आला, जिभेवर आला, ओठांना भिडला. तिनं गळ्यातला लोकरी मफलर तोंडात कोंबला आणि दातांनी करकचून चावला. तिखोननं ते पाहिलं आणि कॅमेरा फिरताच ठेवला.

अग्लाया "थांबा"ची वाट पाहत राहिली. ते येईना. काय करावं बाईनं? अश्रू सुकला. अभिनय सरला. तिनं गारठलेले हात एकमेकांवर चोळले. कोट दूर चालला होता, बर्फाच्या तुकड्यांमधून, रिकाम्या बाह्या पसरून. आणि एकाएकी ती दोन पावलं धावली आणि ओरडली, "बटणं लाव रे बाळा! वारं बोचतंय!"

हे कुठं लिहिलेलंच नव्हतं.

तिखोन चक्क रडत होता, आणि कॅमेरा चालत होता, चालत होता. रीळ संपून तो नुसताच खडखडला, तेव्हा रायसानं तोंडातला मफलर काढला आणि धावत जाऊन अग्लायाला मिठी मारली.

पुढच्या आठवड्यात प्रमुखांनी ते दृश्य पाहिलं. बराच वेळ चष्मा पुसला. "चित्रपट तुमचाच, रायसा ल्वोव्हना," एवढंच म्हणाले. संकलनाच्या खोलीतल्या तिच्या जुन्या खुर्चीत आता ल्युदमिला बसत असे. तिनं कात्री उचलून विचारलं, "कुठं कापू?"

"मला नको गं विचारूस," रायसा म्हणाली. "तुला वाटेल तिथं काप."

हुश्श! बाहेर ऊन पडलं होतं. सुवर्णस्निग्ध, उदार, आळसावलेलं. तिनं कोपऱ्यावरच्या गाडीवरून आइस्क्रीम घेतलं आणि बाकावर पाय पसरून बसली. आइस्क्रीम वितळलं, बोटांवर आलं, मनगटावरून बाहीत शिरू लागलं. ओघळू दे, ती स्वतःशीच म्हणाली. ओघळू दे, ओघळू दे.