वाइनोच्या शर्टावरचा माइक

लेम्पीनं कॉफीचा कप असा आपटला की लॅपटॉपवर शिंतोडे उडाले. "थांबव ते!"

रीक्कानं चित्र थांबवलं. सिनेमा करते म्हणून ही बाई एकटीच कॅमेरा घेऊन वर्षभर या घरात वावरली होती. आणि सिनेमा ज्यांचा, त्यांना तो सगळ्यांत आधी दाखवायचा ही तिची रीत. रीत म्हणे! ज्याचा सिनेमा तो वाइनो, लेम्पीचा धाकटा भाऊ, वसंतातच गेला. लाकडं वाहता वाहता अंगणात कोसळला.

आत्ता पडद्यावर त्याचा नुसता आवाज होता. सौनात वाफ घ्यायला शिरताना त्यानं शर्ट दाराबाहेरच्या खुंटीला अडकवलेला, कॉलरवरचा माइक तसाच चालू. आत तो शेजारच्या तौनोला सांगत होता, "डॉक्टर म्हणतो हृदय थकलंय, जड उचलू नका. लेम्पीला बोलू नकोस हं, डोकं खाईल माझं."

"हे कधीचं?" लेम्पीनं विचारलं.

"जानेवारीतलं, मावशी."

"आणि तू तेव्हाच ऐकलंस?"

"कानाला हेडफोन होते." रीक्काची मान खाली गेली. "पण सौनातलं बोलणं बाहेर काढायचं नसतं. तुम्हीच म्हणाला होतात."

"वा गं शहाणे! मला सांगायचं नाही, पण सिनेमात घातलेलं चालतं?" लेम्पीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. याच बाईला तिनं घरची किल्ली दिली होती, वाइनोच्या शेजारी बसवून जेवू घातलं होतं. "लाव पुढं!"

पुढं बर्फ, अंगण, वाइनो. ओंडक्यांची टोपली खाली ठेवून तो धापा टाकत उभा राहिला आणि थेट कॅमेऱ्याकडे बघून म्हणाला, "जरा हात लाव गं, पोरी."

कॅमेरा तसूभर हलला नाही.

वाइनोच हसला. "हां, विसरलोच. तू इथं नाहीस, नाही का!" त्यानं टोपली उचलली आणि तो चालू लागला.

"माझा नियम होता, मावशी. मध्ये पडायचं नाही, नुसतं बघायचं…"

"चुलीत घाल तो नियम!" लेम्पीचा आवाज फाटला. "अगं, मी वाहिली असती लाकडं! नुसतं मला सांगायचं होतंस. भांडले असते त्याच्याशी, पण जिवंत तरी राहिला असता मेला!"

रीक्का रडायला लागली. "काढून टाकते. सौनातलं, हे, सगळंच."

"खबरदार काढशील तर!" लेम्पीनं डोळे पुसले. "तो सौनात बोलतोय, तिथं स्वतःचं तोंड दाखव. कानाला ते हेडफोन लावून बसलेली. तरच माझा होकार."

मग रीक्कानं हळूच विचारलं, "आणि तो हात मागतो, तिथं?"

"तिथं काही करू नकोस," लेम्पी म्हणाली. "तिथं तू दिसतेसच."