एका खेळापुरती जागा

मित्रांनो, मी एक जुनी हार्ड डिस्क आहे. संगणकाच्या काळ्या पेटीत, चार स्क्रूंनी आवळलेली. पुढे जे सांगणार आहे त्याला रीतीप्रमाणे आत्मवृत्त म्हणतात. तुम्ही त्याला कबुलीजबाब म्हणालात, तरी माझी तक्रार नाही.

माझा जन्म दूरच्या एका कारखान्यात झाला. तिथे धुळीचा कणही आत येऊ देत नाहीत. आरशासारख्या गोल तबकड्या, त्यांना स्पर्श न करता त्यांच्यावरून फिरणारी एक सुई आणि वर धातूचे झाकण, एवढाच माझा देह. झाकणावर ‘पाचशे जीबी’ असे छापले गेले. संगणकात बसवल्यावर संगणकाने मला मोजले आणि चारशे पासष्ट सांगितले. कारखाना हजाराने मोजतो, संगणक एक हजार चोवीसने मोजतो. दोघेही आपापल्या हिशेबाने खरे. आकडा खरा असतो, तेवढ्याने माणसाला खरे कळते असे नाही, हे मला त्याच दिवशी उमगायला हवे होते. उमगले नाही. मी नव्या नोकरदारासारखी आज्ञाधारक होते.

मालवणजवळच्या एका खाडीकाठच्या गावात, बर्नादेत टीचरांच्या घरी मी आले. टीचर हायस्कुलात मराठी शिकवीत. त्यांनी माझ्यावर अभंग उतरवले, बखरी उतरवल्या, जुने शब्दकोश पानापानाने उतरवले, आणि आसपासच्या वाड्यांतून गोळा केलेल्या मालवणी शब्दांच्या लांबलचक याद्या. मी पुष्कळ वाचलेली आहे, असे मी म्हणते, त्याचा अर्थ एवढाच की माझ्यावर पुष्कळ लिहिले गेले आहे. अनेक विद्वानांची स्थिती याहून फारशी निराळी नसते.

माझी वाखाणणीही झाली. खाऱ्या हवेने घरातले दोन पंखे, एक मिक्सर आणि टीचरांचा रेडिओ खाल्ला, मी टिकले. कधी कधी मात्र अडखळत असे. संगणक सुरूच होत नसे, सुई एकाच जागी टकटक करीत राही. तेव्हा टीचर पेटीवर हात ठेवून म्हणत, “चल गो बाय, आजचो दिवस काड.” आणि मी दिवस काढीत असे.

आता त्या फोल्डरविषयी. या भागातल्या ख्रिस्ती घरांत लग्नाच्या आदल्या दिवशी रोस असतो. नारळाचे दूध काढतात, नवरीला किंवा नवऱ्याला स्टुलावर बसवून घरची माणसे ते त्यांच्या अंगाला लावतात, डोक्यावर ओततात, आणि बायका वेर्स, म्हणजे त्या प्रसंगाची कडवी, गातात. टीचरांच्या घरी ही कडवी गाणारी शेवटची बाई म्हणजे शेजारची कोन्सूमाय. तिला सात वेर्स येत. सातव्या वेर्सात त्या घरातल्या गेलेल्या सगळ्या माणसांना, सर्वांत जुन्यापासून क्रमाने, नावे घेऊन रोसाला बोलावले जाई. ही नावे कागदावर कुठेही नव्हती. ती फक्त तिच्या तोंडात होती.

टीचरांचे धाकटे दीर बाबुश यांच्या लग्नात तिने ती शेवटची गायली. चित्रण टेपवर झाले, पुढे टेपवरून माझ्यावर उतरवले गेले. टेपांना बुरशी लागली, त्या फेकल्या गेल्या. कोन्सूमाय वारली. बाबुशचे लग्न तर त्याआधीच, आठ महिन्यांत मोडले होते. बायको गोव्याला परत गेली, बाबुश शिरोड्याला राहायला गेला, आणि टीचरांनी घरात फर्मान काढले की त्या लग्नाचे नाव घ्यायचे नाही. फोल्डरचे नाव मात्र ‘बाबुश लग्न’ असेच राहिले. आकार चव्वेचाळीस जीबी. दुसरी प्रत काढायची, असे टीचर दरवर्षी म्हणत.

तीन वर्षांपूर्वी टीचरांचे यजमान डॅनियल गेले. यंदा त्यांची मुलगी ॲश्लिन हिचे लग्न ठरले. टीचरांनी मनाशी ठरवले की कोन्सूमायचे वेर्स ऐकून पाठ करायचे, रोसाला गायचे, आणि सातव्या वेर्सात सगळ्या नावांच्या शेवटी डॅनियलचे नाव जोडायचे. हे त्यांनी कोणाला सांगितले नाही. मला ठाऊक होते, कारण ही योजना त्यांनी एका लहानशा फाइलमध्ये लिहून माझ्यावरच ठेवली होती. ती फाइल एवढी लहान होती, की मोजणाऱ्याच्या नजरेत भरली नसती.

डिसेंबरात डायलन घरी आला. हा टीचरांचा मुलगा, ॲश्लिनचा भाऊ; प्रवासी बोटीच्या स्वयंपाकघरात काम करतो, वर्षातून दोन महिने घरी असतो. त्याच्या बोटीवरचे सगळे मित्र सुट्टीत आपापल्या घरून मोटारींच्या शर्यतीचा एक खेळ एकत्र खेळतात. त्यालाही तो हवा होता. यात गैर काहीच नाही. मी खेळांची वैरीण नव्हे.

रविवारी दुपारी त्याने खेळाच्या पानावर किती जागा लागते ते पाहिले. मग माझी मोकळी जागा पाहिली. मग मालवणच्या बाजारात संगणक दुरुस्त करणाऱ्या सर्वेशला फोन लावला आणि स्पीकर सुरू करून फोन टेबलावर ठेवला.

“सर्वेश, पानार नव्वद जीबी लिवलेला आसा. माज्याकडे अठ्ठावन मोकळी.”

“मगे नव्वदात भागूचा नाय. बसवताना जास्त लागता. शंभर मोकळी कर.”

“शंभर खंयसून आणू? बोटीवरसून?”

“घरात जुना कायतरी आसतलाच. सगळ्यात मोठो फोल्डर खंयचो तो बघ. आणि म्हातारी डिस्क ती, मधीच आडवी पडली तर माका सांगू नको.”

डायलनने फोल्डर आकाराप्रमाणे लावले. मी तत्परतेने यादी पुरवली. सर्वांत वर काय आले, हे तुम्ही ओळखले असेल. बखरी, शब्दकोश, अभंग, सगळे मिळून दोन जीबीही भरत नव्हते. त्यांच्याकडे कोणी पाहिले नाही. एखादी गोष्ट किती जागा घेते एवढे मी सांगू शकते. ती कशी आहे, कोणाची आहे, तिची दुसरी प्रत जगात कुठे आहे का, यासाठी माझ्या यादीत रकानाच नाही. ज्यांनी मला घडवले त्यांना त्याची गरज वाटली नाही. मलाही कधी वाटली नव्हती.

ॲश्लिन पलीकडे लग्नपत्रिकांवर नावे लिहीत बसली होती.

“ॲश्लिन, बाबुशकाकाच्या लग्नाचो व्हिडिओ बघ. चव्वेचाळीस जीबी!”

“मम्मीसमोर नाव काडू नको त्याचा. जेवण वाडूची नाय तुका.”

“मगे काडूनच टाकतंय. मम्मीचोच त्रास वाचलो.”

“टाक. बाबुशकाका सुटलो, तूव सुटलंस.”

दोघेही हसली. त्यांच्या हसण्यात दुष्टावा नव्हता. घराला झाकायची असलेली एक जखम आपण नीट झाकतो आहोत, असेच त्यांना वाटले. संगणकाने एक चौकट दाखवली: हे कायमचे काढून टाकायचे, याची खात्री आहे ना? खात्री डायलनला पुरेपूर होती. माहिती नव्हती, आणि तिच्याबद्दल कोणीच विचारले नाही.

मित्रांनो, पुसलेली गोष्ट लगेच पुसली जात नाही, हे फार थोड्या लोकांना ठाऊक असते. पत्त्यांच्या वहीतून तिचा पत्ता खोडला जातो, एवढेच. ती स्वतः आहे तिथेच असते. त्या क्षणी कोन्सूमायचे सातही वेर्स माझ्या तबकड्यांवर अखंड होते. कोणी पेटी बंद केली असती, वीज गेली असती, तर ते परत मिळाले असते. वीज आमच्याकडे एरवी ऊठसूट जाते. त्या रविवारी गेली नाही.

खेळ उतरू लागला. आणि मी?

ज्या एका दिवशी मी अडखळायला हवे होते, त्या दिवशी मी अडखळले नाही. टकटक नाही, थांबणे नाही, एकही चूक नाही. जिथे पहिला वेर्स होता त्याच्या शेजारी झाडे लिहिली. जिथे तिसरा होता तिथे डांबरी रस्ता लिहिला. म्हातारीचा आवाज वर्तुळावर वर्तुळ झाकला गेला, आणि झाकणारी सुई माझीच होती. सायंकाळी डायलनने पेटीवर थाप मारली आणि म्हणाला, “म्हातारी आसा, पण काय चलता!” आयुष्यात मिळालेली ती सर्वांत मोठी शाबासकी.

दहा दिवस मोटारी धावल्या. खेळाच्या दोन दुरुस्त्याही आल्या. त्यांनी आणखी काही झाकले.

अकराव्या दिवशी टीचरांनी सँड्रीनाला सरावाला बोलावले. सँड्रीना चर्चमध्ये गाते, वरचा सूर तिचा. दोघी माझ्यासमोर बसल्या. टीचरांनी चष्मा लावला, शोधले, पुन्हा शोधले.

“खंय गेला? हयसरच होता.”

“काय शोधतंस गो मम्मी?” दारातून डायलन.

“बाबुशच्या लग्नाचा.”

“ता मी काडून टाकलंय. खेळाक जागा होयी होती.”

“कोणाक इचारलंस?”

“तूच सांगलेलंस ना, त्या लग्नाचा नाव घरात नको म्हणान!”

“नाव नको म्हटलंय,” टीचर हळू म्हणाल्या. “कोन्सूमायचो आवाज नको, असा कधी म्हटलंय?”

मग त्यांनी ती लहानशी फाइल उघडून त्याला वाचायला दिली. डायलनने वाचली. शेवटच्या ओळीत त्याच्या बापाचे नाव होते. तो उठला, त्याने स्वतः माझे चार स्क्रू काढले आणि मला टॉवेलात गुंडाळून सर्वेशकडे नेले.

पुसलेले काही परत मिळते का, हे पाहत सर्वेशने दोन दिवस मला विंचरले. तिसऱ्या दिवशी मला घेऊन तो घरी आला आणि टीचरांच्या नजरेला नजर न देता बोलू लागला.

“टीचर, केक कापल्याचा सगळा मिळाला. बँड मिळालो. बाबुश नाचता तो तर एकदम स्वच्छ. गाण्याचा… पयलो वेर्स पुरो आसा, दुसरो अर्धो.”

“आणि सातवो?”

“थंयसर आता गाड्यो धावतत, टीचर.”

हा न्याय मी मुद्दाम केलेला नाही, पण त्याच्याइतका तंतोतंत उपहास मला माझ्या सगळ्या ग्रंथांत आढळला नाही. जे लग्न कोणालाही पाहायचे नव्हते ते केकसकट वाचले. ज्याच्यासाठी ते जपले होते ते गेले.

टीचरांनी त्याच दिवशी शिरोड्याला फोन लावला. डॅनियल गेल्याचे कळवले त्यानंतर पहिल्यांदा. बाबुश दुसऱ्या दिवशी सकाळी आला, केस पांढरे झालेला, हातात ओल्या काजूंची पिशवी… नाही, तो हंगाम नव्हे. सोललेल्या नारळांची पिशवी होती. माझी स्मृती हल्ली अशी घसरते.

“बाबुश, तू स्टुलार बसलेलंस. सगळ्यात जवळ तूच होतंस. तुका नावां आठवतत?”

“वैनी, माज्या डोळ्यांत रोस गेल्लो. डोळे चोळूक बसू काय नावां ऐकू?” तो हसला, आणि कोणी हसत नाही हे पाहून थांबला. “पयला पेद्रूचा. ता नक्की. शेवटाक आजोचा आणि पापाचा. मधली माका म्हायत नाय.”

“मधली चार होती.”

“चार काय पाच?”

त्या घरात ती चार किंवा पाच माणसे जन्मली, राबली, मेली, आणि त्या रविवारपर्यंत त्यांना बोलावणारे निदान एक ठिकाण होते. आता ती किती होती हेही कोणी सांगू शकत नाही.

रोसाच्या दिवशी मी पेटीत परत बसलेली होते. रोसाला काय झाले हे मला त्या दिवसाच्या चित्रणातून कळले. ते दुसऱ्याच दिवशी माझ्यावर उतरवले गेले, आणि या वेळी आणखी दोन ठिकाणी.

ॲश्लिन स्टुलावर बसली आहे. डायलन नारळाच्या दुधाचे पातेले धरून उभा आहे. मान वर करीत नाही. टीचर आणि सँड्रीना पहिला वेर्स गातात. दुसरा अर्ध्यावर येतो आणि टीचर थांबतात. सँड्रीना कुजबुजते, “म्हण गो कायतरी जुळवून. कोणाक कळता?”

“माका कळता,” टीचर म्हणतात.

मग त्या गात नाहीत, नुसती नावे घेतात. पेद्रू. त्यानंतर त्या गप्प राहतात, आणि सगळे घर गप्प राहते; दूध ॲश्लिनच्या केसांतून फरशीवर ठिबकते तेवढेच ऐकू येते. चार किंवा पाच नावांना लागेल इतका वेळ. त्यानंतर आजेसासऱ्यांचे नाव, सासऱ्यांचे नाव, आणि शेवटी, अगदी स्पष्ट, डॅनियल. बाबुश पुढे होतो आणि पहिली ओंजळ ओततो. डायलन पातेले पुढे करतो.

खेळ डायलनने काढून टाकला. मी सांगितले नव्हते. मी कोणालाच काही सांगू शकत नाही. बोटीवर परत जाण्याआधी माझ्यावरची मोकळी जागा पाहून तो बराच वेळ बसला होता.

मित्रांनो, आमच्यासारख्यांना खाऱ्या हवेपासून जपा, धक्का लावू नका, हे तुम्हाला इतरांनी सांगितले असेल. माझी विनंती निराळी आहे. एखादी गोष्ट काढून टाकण्यापूर्वी ती एकदा उघडून पाहा, आणि घरातल्या म्हाताऱ्या माणसाला विचारा की हे कोणाचे आहे. ती किती जागा घेते हे मला विचाराल, तर मी अचूक सांगेन. माझ्या अचूकपणाची किंमत तुम्ही आता ऐकलीत. सतरा सेकंदांची ती शांतता सध्या माझ्याजवळ आहे. मी ती मोजून पाहिली. गाण्याला जेवढी जागा लागली असती, तेवढीच तिलाही लागते.