एकतिसावी खेळी

बुधवार पेठेतल्या ‘चौसष्ट बुद्धिबळ मंडळा’ला साठ वर्षं पूर्ण झाली, म्हणून मंडळानं आपल्या नामवंत खेळाडूंच्या कारकिर्दीवर पुस्तक काढलं. प्रकाशनाच्या चार दिवस आधी त्याची एक प्रत हडपसरला ललिता तुपेंच्या घरी आली. सोबत सत्काराचं निमंत्रण होतं.

ललिताबाई साठीच्या. शाळेत गणित शिकवून नुकत्याच निवृत्त झालेल्या. त्यांनी आधी स्वतःचं पान शोधलं. चार ओळी होत्या. ‘१९८८च्या खुल्या स्पर्धेत महिलांमध्ये प्रथम.’ मग त्यांनी त्यांच्याच वेळचे मंडळाचे खेळाडू, अनंतराव, यांचं पान काढलं. तिथे फोटोसकट अडीच पानं होती. ‘१९८८ : विजेता. अखेरच्या फेरीत ललिता तुपे यांच्याशी बरोबरी.’

ते वाक्य त्यांनी दोनदा वाचलं आणि चष्मा काढून टेबलावर ठेवला.

बरोबरी झालीच नव्हती. शेवटच्या फेरीआधी अनंत अर्ध्या गुणानं पुढे होता. बावीस वर्षांच्या ललितानं त्याला हरवलं आणि स्पर्धा जिंकली. पण राज्य स्पर्धेला मंडळाचा विजेताच जाणार होता, आणि समितीला तिथे अनंतला पाठवायचं होतं. पोरीचं काय, उद्या लग्न होऊन जाईल, असा समितीचा हिशेब. दुसऱ्या दिवशी फलकावर त्या डावापुढे अर्धा-अर्धा गुण लागला होता. जाब विचारायला तिचे वडील, सोनबा, हडपसरहून सायकल मारत आले होते. समितीतली माणसं त्यांच्याशी गोड बोलली, चहा पाजला. बाहेर आल्यावर सोनबा एवढंच म्हणाले, “गप ऱ्हा पोरी. हितं आपलं कोण हाय?”

ती गप्प राहिली. अनंत राज्य स्पर्धा खेळला, पुढे राष्ट्रीय. खेळाडू म्हणून बँकेत नोकरी लागली. ललिता शाळेत शिकवायला लागली आणि मधल्या सुट्टीत पोरांना डाव मांडून द्यायला लागली.

त्यांनी पुस्तकाच्या संपादकाला, रविराजला, फोन लावला. मुलगा सभ्य होता. निकालांच्या जुन्या वहीत तसंच लिहिलंय, म्हणाला. आणि पुस्तक तर छापून झालंय, पुढच्या आवृत्तीत नक्की बघू.

“पहिली आवृत्ती किती साली संपेल, काही अंदाज?” ललिताबाईंनी विचारलं.

तो हसला. त्या हसल्या नाहीत.

त्यांची मुलगी तनुजा म्हणाली की जाऊच नकोस. कोण वाचतं असली पुस्तकं? ललिताबाई म्हणाल्या, एकदा गप्प बसून बघितलंय, आता नाही. रविवारी दुपारी त्या इस्त्रीची साडी नेसून सभागृहात पोचल्या.

सत्कारासाठी त्यांचं नाव पुकारलं गेलं. अध्यक्षांनी शाल उलगडली, तशी ललिताबाईंनी हात आडवा केला.

“शाल नंतर. आधी एक डाव दाखवायचाय. पाच मिनिटं लागतील.”

मंचामागे मुलांना शिकवायचा मोठा चुंबकी पट टांगला होता. परवानगीची वाट न बघता त्या तिकडे वळल्या आणि सोंगट्या मूळ जागी लावू लागल्या. सभागृहात कुजबुज झाली, पण अडवायला कोणी उठलं नाही. बुद्धिबळपटूंच्या सभेत डाव मांडणाऱ्याला कोण अडवणार?

“शेवटची फेरी, १९८८. पांढरी मी, काळे अनंतराव.” त्यांनी पहिल्या रांगेकडे बघितलं. “अनंतराव, आठवतोय ना डाव?”

अनंतरावांनी मान हलवली. “सदतीस वर्षं झाली हो. मला नाही आठवत.”

त्या दोन्ही बाजूंच्या खेळ्या करत गेल्या. दहा, वीस, तीस. हात कुठे अडखळला नाही. जुनी माणसं पुढे सरकून बघू लागली. एकतिसाव्या खेळीला ललिताबाईंनी काळा वजीर उचलला आणि सरळ पांढऱ्या घोड्याच्या तोंडी दिला. अगदी नवशिक्यासारखी चूक. मागून कुणीतरी हसलं.

“छे,” पहिल्या रांगेतून आवाज आला. “वजीर नव्हता हलवला मी. हत्ती नेला होता, सी आठवर. एवढा काही मूर्ख नव्हतो.”

बोलून झाल्यावर अनंतरावांच्या लक्षात आलं. तोवर सगळ्या माना त्यांच्याकडे वळल्या होत्या.

“तेच म्हटलं,” ललिताबाई म्हणाल्या. “खोटी खेळी तुम्हाला सहन व्हायची नाही. या वर. उरलेला डाव तुम्हीच खेळा.”

ते उठले, पायऱ्या चढून वर आले आणि वजीर जागेवर ठेवून हत्ती सी आठवर नेला. पुढच्या आठ खेळ्या दोघं खेळले. एकोणचाळिसाव्या खेळीला, पुढच्या खेळीतली मात चुकवायला काळ्या राजाला वाटच उरली नाही. अनंतरावांनी पटावरून हात काढला.

“मी काही मागितलं नव्हतं,” ते हलक्या आवाजात म्हणाले. “समितीनं दिलं.”

“आणि तुम्ही घेतलंत.”

अनंतरावांनी माइक हातात घेतला. “इथे मी डाव सोडला होता,” ते म्हणाले. “स्पर्धा यांनी जिंकली. पुस्तकातलं चुकीचं आहे.”

टाळ्या सुरू झाल्या. अध्यक्ष घाईघाईनं पुन्हा शाल घेऊन पुढे आले.

“आधी पान,” ललिताबाई म्हणाल्या.

रविराज म्हणाला, उद्याच शुद्धिपत्रक छापतो. ललिताबाईंनी नकार दिला. शुद्धिपत्रकं गळून पडतात, शाळेत आयुष्य गेलंय माझं. दाराजवळच्या टेबलावर तीनशे प्रती होत्या. त्या दाखवून त्यांनी विचारलं, पेन आहेत का मंडळाकडे?

कार्यक्रम आटोपला, सभागृह रिकामं झालं. रविराज, अध्यक्ष आणि अनंतराव तिघं टेबलाशी बसून प्रत्येक प्रतीतल्या दोन्ही पानांवरच्या ओळी खोडून नव्यानं लिहू लागले. ललिताबाई खुर्ची ओढून समोरच बसल्या. लिहून झालेली प्रत त्यांच्याकडे यायची, त्या तपासून बाजूला ठेवायच्या. मध्ये अध्यक्षांनी सुचवलं, बाई, तुम्ही निघा, आम्ही करतो. त्या जागच्या हलल्या नाहीत. तनुजाचा फोन आला, तेव्हा वेळ लागेल, जेवून घे, म्हणाल्या.

अनंतरावांनी एक प्रत पुढे सरकवली. ललिताबाईंनी पान उघडून बघितलं आणि परत केली.

“‘विजेती’तल्या ‘ती’ची वेलांटी ऱ्हस्व झालीय. दीर्घ करा.”

अनंतरावांनी पुन्हा पेन उचललं.