दोघांची संमती

माझ्या धाकट्या बहिणीचा नवरा सुरेश गॅस कंपनीत मॅनेजर झाला आणि घरातही मॅनेजरच राहिला. गणपतीत नवरा, बायको आणि लेक तिघांनी एकाच कापडाचे कपडे घालायचे, हा त्याचाच हुकूम. लग्नाला वीस वर्षं झाली तेव्हा कपड्यांवर भागेना. तिघांच्या आद्याक्षरांचं एक चिन्ह त्याने ऑफिसच्या कॉम्प्युटरवर बनवलं आणि ते तिघांच्या मनगटावर गोंदवायचं ठरवलं. हौसेला मोल नसतं म्हणतात. सुरेशच्या हौसेला अक्कलही लागत नाही.

शुक्रवारी मी दोहातल्या अल दुहैलहून ओल्ड एअरपोर्ट भागातल्या त्यांच्या फ्लॅटवर जेवायला गेले, तर डायनिंग टेबलावर ताटांऐवजी सुया मांडलेल्या. शफा नावाची ब्युटिशियन घरोघरी जाऊन हे काम गुपचूप करते. सुरेशचं मनगट झालंही होतं. ते सुजलेलं मनगट मोबाइलसमोर धरून तो हसत होता.

"नेक्स्ट, ईरा!"

ईरा, माझी पंधरा वर्षांची भाची, हात पाठीमागे लपवून उभी होती. "आय डोन्ट वॉन्ट इट, बाबा."

"अगं, बाकीच्या पोरी यासाठी आईबापाच्या हातापाया पडतात!"

शफाने विचारलं, "बच्ची अठारा की है?"

"पंद्रह. लेकिन पॅरेंट्स का कन्सेंट है. दोनों का." सुरेशने छाती फुगवली.

"फिर खलास," शफा म्हणाली आणि तिने नवी सुई काढली. तिलाही काही पडलेली नव्हती.

"आणि जिचा हात आहे तिचं काय?" मी विचारलं.

"वल्लरीताई, मुलांना काय कळतं? म्हणून तर कायद्यात पालक ठेवलेत."

कायदा मुलांना वाचवायला असतो, हे या शहाण्याच्या डोक्यात शिरेल तर शपथ.

पण खरा संताप आला तो नयनाचा, माझ्या बहिणीचा. ती सहा वर्षांची असताना आमच्या आत्याने तिला मांडीत आवळून कपाळावर गोंदवलं होतं. मी माळ्यावर लपले म्हणून सुटले. लग्नानंतर याच सुरेशला ते गावंढळ वाटलं. दोहातल्या पार्ट्यांत बायको शोभली पाहिजे म्हणून त्याने ते लेझरने काढायला लावलं. मागे पांढरट डाग राहिला, तो ती टिकलीखाली झाकते. कपाळ तिचं; गोंदवलं आत्याने, पुसलं नवऱ्याने. आणि तीच बाई आता लेकीचं मनगट टेबलावर दाबून धरत होती.

"हात सैल सोड बाळा. मी धरलंय ना, मुंगी चावल्यासारखं होतं फक्त."

"नयना!" मी ओरडले. "हे आत्याचं वाक्य आहे. शब्दन् शब्द!"

मशीन सुरू झालं होतं. "यल्ला, चला लवकर, व्हिडिओ चालू आहे," सुरेश म्हणाला.

नयनाने लेकीच्या मनगटावरचा आपला हात काढून घेतला. "मेरा कन्सेंट नहीं है," ती शफाला म्हणाली.

"अगं, माझा आहे ना!" सुरेश म्हणाला.

"दोनों का बोला था आपने," शफाने मशीन बंद केलं. भानगड नको म्हणून, दुसरं काही नाही.

सुरेश तिघांचं चिन्ह एकट्याच्याच मनगटावर घेऊन सोफ्यावर फुगून बसला. बसू दे.

ईरा घरात कधी मराठीत उत्तर देत नाही. तिने आईची टिकली अलगद काढली आणि डागावर बोट ठेवलं.

"आई, तुला दुखलं होतं?"

"दुखलं होतं. पण मला कुणी विचारलंच नव्हतं," नयना म्हणाली. मग सुरेशकडे बघून म्हणाली, "काढतानाही नाही."